एक शहर, दहा भाषा आणि आमच्या दाराशी न आलेली बातमी



आज आम्ही आमचीच एक चूक सांगणार आहोत. चारचौघांत सांगायला लाज वाटावी अशी ती चूक आहे. पण ती आमच्या एकट्याची नाही, घरोघरची आहे, म्हणून सांगणे भाग आहे.

आमच्या वस्तीच्या टोकाला एक मोकळी जागा आहे. पन्नास पावले लांब, तीस पावले रुंद. सकाळी तिथे बालवाडीची पोरे खेळतात, उन्हाळ्यात बायका पापड-कुरडया वाळत घालतात, संध्याकाळी क्रिकेट चालते आणि एप्रिलमध्ये तिथेच जयंतीचा मंडप उभा राहतो. गेल्या वर्षी या जागेचे मैदानाचे आरक्षण बदलण्याची जाहीर सूचना निघाली. कुणाची हरकत असेल तर एक महिन्याच्या आत लेखी कळवावी, असे त्यात म्हटले होते. सूचना एका इंग्रजी आणि एका मराठी वर्तमानपत्रात रीतसर छापून आली. आमच्या वस्तीत ती एकानेही वाचली नाही. आम्हाला कळले ते छत्तिसाव्या दिवशी.

कसे कळले, तेही ऐका. पलीकडच्या गल्लीत एक वयस्कर टेलर आहेत. सगळे त्यांना चाचा म्हणतात. मुलाच्या शाळेच्या पँटची उंची कमी करून घ्यायला आम्ही गेलो होतो. मशीनवरची मान वर न करता चाचा सहज म्हणाले, "मैदान का क्या किया आप लोगों ने? ऑब्जेक्शन डाला ना?"

आम्ही विचारले, "कौनसा ऑब्जेक्शन?"

चाचांनी कपड्यांच्या गठ्ठ्याखालून एक जुना उर्दू पेपर काढला आणि एका बातमीवर बोट ठेवले. अंक महिन्यापूर्वीचा. आम्हाला उर्दू वाचता येत नाही. त्यांनी वाचून दाखवले. त्या सूचनेत त्यांच्या गल्लीतल्या मदरशाजवळची जागाही होती, म्हणून त्यांच्या पेपराने जाहिरातीवर न थांबता चांगली चार बोटे लांबीची बातमी दिली होती. त्यांच्या गल्लीने बारा दिवसांत दीडशे सह्यांचा अर्ज देऊनही टाकला होता.

"चाचा, हमको बताया क्यों नहीं?" आमचा आवाज थोडा चढलाच.

चाचा गोंधळले. म्हणाले, "हमने सोचा, आपके पेपर में भी आया होगा. आप तो पढ़े-लिखे लोग हो."

वाचकहो, हे वाक्य आम्हाला फार लागले. आम्ही बी.कॉम. झालेले, कार्यालयात दिवसभर कागदच वाचणारे. वस्तीतला कुठलाही अर्ज आमच्या हातून गेल्याशिवाय पुढे सरकत नाही. आणि आमच्या घरातला पेपर दोन वर्षांपूर्वी आम्हीच बंद केला होता. कारण काय, तर फोनवर सगळे येतेच की! फोनवर त्या महिन्यात आम्हाला तीनशे शुभप्रभात आली, सत्तर वाढदिवस आले, मूळव्याधीचे घरगुती उपाय आले. सूचना आली नाही.

दुसऱ्याच दिवशी रजा टाकून आम्ही हरकतीचा अर्ज घेऊन गेलो. खिडकीतल्या गृहस्थांनी तो घेतला, शिक्का मारला आणि वर शेरा लिहिला, "मुदतीनंतर प्राप्त." त्या शेऱ्याचा अर्थ आम्हाला कुणी समजावून सांगायला नको. असले शेरे आम्ही स्वतः आयुष्यभर लिहीत आलो आहोत.

परत येताना बसमध्ये एकच विचार डोक्यात घोळत होता. चाचांची गल्ली आणि आमची वस्ती यांच्यात एक गटार आणि एक पानपट्टी एवढेच अंतर. पाणी एकाच पाइपाचे, शाळा एकच, दवाखाना एकच. मग त्यांना कळलेली बातमी आम्हाला का कळू नये?

याचे उत्तर शोधायचे तर या मुंबईतली वर्तमानपत्रे कशी जन्मली, ते पाहावे लागते.

पेपर ज्याचा, बातमी त्याची

मुंबईत पेपर निघाला तो पहिल्यापासून ज्याच्या-त्याच्या मोहल्ल्याचा. १ जुलै १८२२ रोजी फर्दुनजी मर्झबान या पारशी गृहस्थांनी गुजरातीत 'मुंबई समाचार' सुरू केला. आजही चालू असलेले आशियातले सर्वांत जुने वर्तमानपत्र ते हेच. २०२२ साली त्याला दोनशे वर्षे झाली. फोर्टात हॉर्निमन सर्कलजवळ त्याची लाल इमारत उभी आहे. गोदीत कुठले जहाज लागले, मालाचा भाव काय, हे व्यापाऱ्याला कळणे गरजेचे होते आणि ती गरज या पेपराने भागवली.

त्यानंतर ६ जानेवारी १८३२ रोजी बाळशास्त्री जांभेकरांनी 'दर्पण' काढले. मराठीतले हे पहिले वर्तमानपत्र, म्हणून महाराष्ट्रात ६ जानेवारीला पत्रकार दिन पाळतात. पण एक गोष्ट आपण विसरतो. 'दर्पण'च्या पानावर दोन रकाने असत. एका रकान्यात मराठी, शेजारच्या रकान्यात इंग्रजी. म्हणजे मराठीचा पहिला पेपर दोन भाषांचा होता! शेजाऱ्याला आपले कळावे आणि शेजाऱ्याचे आपल्याला कळावे, ही सोय आरंभीच होती. पुढे १८४० साली 'दर्पण' बंद पडले आणि ती शेजारधर्माची रीतही मागे पडली.

१८३८ साली गोऱ्या व्यापाऱ्यांचा 'बॉम्बे टाइम्स' आला. १८६१ पासून त्याचे नाव 'टाइम्स ऑफ इंडिया' झाले. पुढच्या काळात 'लोकसत्ता' १९४८ साली आणि 'महाराष्ट्र टाइम्स' १९६२ साली निघाला. उर्दूत अब्दुल हमीद अन्सारींनी १९३८ साली 'इन्किलाब' काढला. हिंदीत 'नवभारत टाइम्स' आला, कानडी माणसांसाठी 'कर्नाटक मल्ला' आला. मल्याळी आणि तामिळ पेपरही इथल्या स्टॉलवर मिळत आले. दादर, कुर्ला किंवा धारावीच्या एखाद्या पेपरवाल्याकडे सकाळी उभे राहून पाहा. पाच-सहा लिपी एकाच फळकुटावर शेजारी-शेजारी निजलेल्या असतात. गिऱ्हाईक मात्र आपल्या लिपीचा तेवढा पेपर उचलतो आणि गाडी पकडायला धावतो. बाजूचा पेपर काय म्हणतो, हे त्याच्या गावीही नसते.

कष्टकऱ्यांनाही स्वतःचा पेपर स्वतःच काढावा लागला. कृष्णराव भालेकरांनी १८७७ साली पुण्यात 'दीनबंधू' सुरू केले. १८८० पासून ते मुंबईत नारायण मेघाजी लोखंडे यांनी चालवले. गिरणीतल्या माणसाचे हाल त्यांनी छापले, सभा घेतल्या, अर्ज केले, आणि १८९० साली मुंबईच्या गिरणी कामगाराला रविवारची सुट्टी मिळाली. आज रविवारी आपण पाय पसरून पेपर वाचतो ना, तो रविवारसुद्धा एका पेपरवाल्या माणसाने मिळवून दिलेला आहे.

आणि मग आपले 'मूकनायक'. ३१ जानेवारी १९२० रोजी परळच्या पोयबावडीतून ते निघाले. छत्रपती शाहू महाराजांनी त्यासाठी अडीच हजार रुपयांची मदत केली होती. त्या काळच्या 'केसरी'ने 'मूकनायक'ची जाहिरात पैसे देऊनही छापली नाही, ही गोष्ट आपल्यातल्या म्हाताऱ्या माणसांनाही पाठ आहे. पण पहिल्या अंकात बाबासाहेबांनी काय केले, ते पुष्कळांना ठाऊक नसते. त्यांनी मुंबई इलाख्यातल्या वर्तमानपत्रांचा आढावा घेतला आणि दाखवून दिले की यांतली बरीचशी पत्रे विशिष्ट जातींचेच हित पाहतात. म्हणजे आपला पेपर काढायच्या आधी त्यांनी दुसऱ्यांचे पेपर वाचून काढले होते! हा मुद्दा वाचकांनी गाठीशी बांधून ठेवावा. आपण त्यांचा फोटो भिंतीवर लावला, पण ही सवय लावून घेतली नाही.

पुढे महाडच्या सत्याग्रहानंतर दोनच आठवड्यांनी, ३ एप्रिल १९२७ रोजी, 'बहिष्कृत भारत' निघाले. अंकाचे चोवीस-चोवीस रकाने बाबासाहेब एकटे लिहीत. मदतीला माणूस नाही, वर्गणी येत नाही, छापखान्याचे देणे वाढलेले. १९२९ च्या नोव्हेंबरात ते बंद झाले. मग १९३० साली 'जनता' आले आणि १९५६ साली त्याचेच 'प्रबुद्ध भारत' झाले. नावे बदलली, पण पेपर सोडला नाही.

हिशेबाची वही

आता आमच्या धंद्यातले, म्हणजे हिशेबाचे बोलू.

पेपरची जी किंमत आपण देतो, त्यातून आधी विक्रेत्याचे कमिशन जाते. उरलेल्या पैशात मोठ्या दैनिकाचा कागद आणि छपाईचा खर्चसुद्धा भागत नाही. मग पेपर चालतो कसा? जाहिरातीवर. आता जाहिरात देणारा काय बघतो? वाचणाऱ्याच्या खिशात किती पैसे आहेत, ते. म्हणून इंग्रजी पेपरच्या जाहिरातीचा दर मराठी किंवा उर्दू पेपरपेक्षा चढा असतो, मग मराठी वाचणारे कितीही असोत. गाडी, फ्लॅट, सोने विकत घेणारा वाचक तो मोठा वाचक. सफाई कामगार, नाका कामगार, घरकाम करणारी बाई हे वाचक वहीच्या जमेच्या बाजूला कुठे दिसतच नाहीत.

म्हणून गिरणीच्या जागेवर उभ्या राहिलेल्या टॉवरला पूर्ण पान मिळते आणि त्याच गिरणीतल्या कामगाराच्या थकलेल्या देण्याला दोन ओळी. यात एकट्या बातमीदाराचा दोष नाही. आमच्या ओळखीचे काही बातमीदार तळमळीने लिहितात. पण रात्री जाहिरात आली की आधी त्यांचीच बातमी उडते.

डिसेंबरच्या ६ तारखेचे उदाहरण घ्या. लाखो माणसे चैत्यभूमीवर येतात. वर्षानुवर्षे दुसऱ्या दिवशीच्या कित्येक पेपरांत काय असे? वाहतुकीत बदल, गाड्यांना गर्दी, दादरला कचरा. अंगावर धड कपडा नसलेला माणूस शिवाजी पार्कवर रांग लावून पुस्तक विकत घेतो, ही जगावेगळी बातमी शोधावी लागे. अलीकडे काही पेपर पुस्तकांच्या स्टॉलची बातमी फोटोसह देतात, हेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. ती आली कारण वाचकांनी पत्रे लिहिली, आपल्यातली मुले बातमीदार झाली. 'सम्राट', 'महानायक' यांसारखी आपली दैनिके निघाली, तेव्हा इतरांनाही मागे राहणे जमेना.

जाहिरात आणि बातमी यांच्यातली भिंत किती पातळ असते, ते २००९ च्या विधानसभा निवडणुकीत उघड झाले. पैसे घेऊन उमेदवारांचे गुणगान बातमी म्हणून छापल्याच्या तक्रारी महाराष्ट्रातून झाल्या, आणि प्रेस कौन्सिलला त्यासाठी चौकशी समिती नेमावी लागली. तेव्हा छापून आले म्हणजे खरेच, असे मानू नका. आणि छापून आले नाही म्हणजे घडलेच नाही, असे तर मुळीच मानू नका.

एक टीव्ही आणि वीस पडदे

आमच्या लहानपणी चाळीत एकच टीव्ही होता. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले, पण आमच्या चाळीपर्यंत पडदा पोहोचायला दहा-बारा वर्षे लागली. ज्यांच्याकडे टीव्ही होता, त्यांच्या दारात चपलांचा ढीग पडे. 'कामगार विश्व', 'ज्ञानदीप', 'गजरा' आणि संध्याकाळच्या मराठी बातम्या. तामिळ अक्का, भय्याजी, आमची आई, सगळे एकाच सतरंजीवर. अक्काला मराठी बातमी कळली नाही की आई तिला मोडक्या हिंदीत सांगे. आमचे वडील गिरणीत होते. दुपारी आकाशवाणीवर 'कामगार सभा' लागली की चहाच्या हॉटेलात आवाज वाढवला जाई. नाक्यावर पक्षाचे मोफत वाचनालय होते. दोन बाकडी आणि दोऱ्याने बांधलेले चार पेपर. एक जण 'नवाकाळ'चा अग्रलेख मोठ्याने वाचे, बाकीचे ऐकत. ज्याला अक्षर येत नव्हते, त्यालाही बातमी येत होती.

मग १९९२ साली झी टीव्ही आला. पुढे मराठी वाहिन्या आल्या, २००७ पासून चोवीस तास बातम्यांच्या मराठी वाहिन्या आल्या. खाजगी एफएम रेडिओ आला, पण त्याला स्वतःच्या बातम्या देण्याची परवानगी नाही. दिवसभर गाणी आणि गप्पा. घरोघरी टीव्ही झाले ही प्रगतीच झाली, ती आम्ही नाकारत नाही. पण सतरंजी गुंडाळली गेली. अक्का आपल्या तामिळ वाहिनीवर, भय्याजी हिंदीवर, आम्ही मराठीवर. आता तर एकाच खोलीत चार फोन आणि चार पडदे. आईला काय दिसते ते मुलाला ठाऊक नाही, मुलाला काय दिसते ते बापाला ठाऊक नाही.

छापील पेपरचीही पडझड झाली. 'आफ्टरनून' आणि 'डीएनए'ची छापील आवृत्ती २०१९ साली बंद पडली. 'मुंबई मिरर' २०२० च्या अखेरीस दैनिकाचे साप्ताहिक झाले. करोनाच्या पहिल्या टाळेबंदीत, मार्च २०२० च्या अखेरीस, मुंबईत काही दिवस पेपर छापलेच गेले नाहीत. तेव्हा सुटलेली सवय पुष्कळ घरांत परत आली नाही. आमचे घर त्यातलेच.

अर्धवट ऐकलेली बातमी

बातमी अर्धवट पोहोचली तर काय होते, हे या शहराने जीव देऊन पाहिले आहे.

२९ सप्टेंबर २०१७. दसऱ्याच्या आदल्या दिवशीची सकाळ. एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या, म्हणजे आताच्या प्रभादेवीच्या अरुंद पुलावर चेंगराचेंगरी झाली आणि २३ माणसे गेली. जोराचा पाऊस होता, माणसे जिन्यावर थांबून होती, गाड्या येतच होत्या. कुणा फुलवाल्याचा माल पडला, तो "फूल गिर गया" असे ओरडला आणि गर्दीने "पुल गिर गया" असे ऐकले, असे एका जखमी मुलीने सांगितल्याचे त्या वेळी पेपरांत आले होते. मूळ दोष अरुंद पुलाचा आणि गर्दीचा. पूल अपुरा पडतो अशा तक्रारी आधीच झाल्या होत्या. पण घाबरलेल्या गर्दीत एका अक्षराचा फरक किती महाग पडू शकतो, ते पाहा.

दुसरी तारीख १४ एप्रिल २०२०. आपण सर्वांनी त्या दिवशी घरातच मेणबत्ती लावून जयंती साजरी केली. सकाळी पंतप्रधानांनी टाळेबंदी ३ मेपर्यंत वाढवल्याचे जाहीर केले. दुपारनंतर वांद्रे स्टेशनबाहेर हजारो परप्रांतीय मजूर जमले. गाड्या सुटणार, अशी वार्ता पसरली होती. गाड्या नव्हत्याच. मिळाल्या त्या लाठ्या. एका मराठी वाहिनीच्या बातमीदाराला रेल्वेच्या बातमीवरून अटक झाली, नंतर जामीन मिळाला. समाजमाध्यमांवरच्या मजकुरावरूनही गुन्हे नोंदले गेले. आणि तेवढ्यात, गर्दी मशिदीजवळ दिसते म्हणून काही वाहिन्यांनी तिला धर्माचा रंग देऊन टाकला. त्या मजुरांच्या पोटात अन्न नव्हते, खिशात भाडे नव्हते, आणि त्यांच्या भाषेत त्यांना खरे सांगणारे कुणी जवळ नव्हते. ही तिसरी गोष्ट बातमीत सर्वांत शेवटी आली.

या दोन्ही घटना आम्ही आमच्या मैदानाशी जोडत नाही. मैदान जाणे आणि माणूस जाणे यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे. पण मुळाशी दुखणे तेच. या शहरात बातमी आपापल्या भाषेच्या खणात राहते. एका खणातून दुसऱ्या खणात ती नीट पोहोचत नाही. पोहोचते ती अफवा, कारण अफवेला कुठलीच लिपी लागत नाही.

उलटेही घडलेले आहे. २०१५ साली मुंबईच्या विकास आराखड्याचा मसुदा जाहीर झाला. लोकांनी तो मिळवला, वाचला, वॉर्डावॉर्डांत सभा घेतल्या. हजारोंनी हरकती दिल्या. शेवटी शासनाने तो मसुदा बाजूला ठेवून नव्याने दुरुस्त करायला लावला. सूचना तीच, रकाना तोच, बारीक अक्षर तेच. फरक एवढाच, की या वेळी कुणीतरी वाचली होती.

रविवारचे टेबल

नुसते रडून उपयोग नाही. आमच्या वस्तीत आम्ही काय सुरू केले, ते सांगतो.

समाजमंदिरात दर रविवारी सकाळी दहा ते बारा एक लांब टेबल मांडतो. दोन मराठी, एक इंग्रजी आणि एक हिंदी, अशी चार दैनिके आठवडाभर मंडळाच्या नावाने येतात. चाचा आपला आठवड्याचा उर्दू गठ्ठा घेऊन येतात, त्यासाठी त्यांना आम्ही आमंत्रण द्यायला दोनदा गेलो. किराणावाले शेठ गुजराती पेपर वाचून झाला की पाठवतात. अक्कांची नात इंग्रजी वाचते आणि गरज पडली तर तामिळही सांगते.

हिशेब मांडतो. सरासरी सहा रुपयांचा पेपर धरला, तर चार पेपरचे महिन्याचे सातशे वीस रुपये होतात. वस्तीत साठ घरे आहेत. घरटी बारा रुपये. एका कटिंग चहाचे पैसे. शिवाय महिन्याअखेरीस रद्दी विकून जे येते, त्यातून पोरांना खडू-पेन्सिली.

काम वाटून दिले आहे. कॉलेजातली दोन मुले फक्त जाहीर सूचना वाचतात. आपल्या वॉर्डाचे, रस्त्याचे, शाळेचे नाव दिसले की लाल पेन्सिलीने खूण आणि कात्रण वहीत. महिला मंडळाच्या ताई रेशन, दवाखाना, शिष्यवृत्ती पाहतात. शिष्यवृत्तीची शेवटची तारीख फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिली जाते. तो फळा पूर्वी फक्त जयंतीच्या वर्गणीसाठी निघायचा. ज्यांना अक्षरओळख नाही, त्यांना एक जण वाचून दाखवतो. आमची आई या टेबलाची सर्वांत कडक परीक्षक आहे. वाचणारा घाईने पुढे गेला की ती म्हणते, "तारीख सांगितली न्हाईस."

फोनसाठी एकच नियम केला आहे. बातमी म्हणून काहीही पुढे पाठवायचे तर तीन गोष्टी सांगायच्या: कुणी दिली, कधी दिली, आणि दुसऱ्या कुठे आली आहे का. तीनपैकी एक जरी सांगता आली नाही, तर पुढे पाठवायची नाही. सुरुवातीला पोरे हसली. पण रेशनकार्ड रद्द होणार म्हणून एक निरोप फिरू लागला, तेव्हा याच पोरांनी तो टेबलावर आणून पडताळला. खोटा निघाला. एका विधवा भगिनीचे एजंटाला जाणारे पंधराशे रुपये वाचले. त्या दिवसापासून कुणी हसत नाही.

आता मैदानाचे काय झाले, असे वाचक विचारतील. अजून निकाल नाही. आमच्या अर्जावर मुदतीनंतरचा शेरा आहेच. पण चाचांच्या गल्लीचा अर्ज मुदतीत आहे, आणि त्यात त्यांनी एकट्या आपल्या जागेचे न लिहिता संपूर्ण सूचनेलाच हरकत घेतली आहे. सुनावणीचे पत्र त्यांना आले, तेव्हा चाचा स्वतः आमच्या दारात आले. पत्र मराठीत होते. ते त्यांना वाचून हवे होते. आम्ही वाचून दाखवले. जाताना ते म्हणाले, "आप भी चलिए हमारे साथ. मैदान तो बच्चों का है."

आम्ही त्यांच्यासोबत जाणार आहोत. बोलू दिले तर बोलू. नाही दिले तर मागच्या बाकावर बसून राहू. पण या वेळी वेळेच्या आधी जाऊन बसू.

वाचक भगिनींनो आणि बंधूंनो, तुमच्याही वस्तीत एखादे टेबल रिकामे असेल. त्यावर एक आपला पेपर ठेवा आणि एक शेजाऱ्याचा. सुरुवातीला दोघेच जण आले तरी चालतील.

जयभीम!